डोंगर किती पुढे आला

मोजणीवालीने टेबलाच्या दोन्ही कडा धरल्या, पाय रोवले आणि सगळा जोर लावून टेबल मागे ओढलं. फरशीवर खर्रकन आवाज झाला. चारही पाय खडूच्या चार खुणांवर नेमके बसले तेव्हा कुठे तिने कंबर सरळ केली. दारात झाडलोट करणाऱ्या काकू झाडू घेऊन उभ्या होत्या.

"दोन बोटं," मोजणीवाली म्हणाली. "गेल्या महिन्यात दोन, या महिन्यात दोन. काकू, तुम्ही केर काढता की टेबल ढकलता?"

"हात लावला असेल तर हात झडून जाईल माझा. चार वर्षं हेच सांगतेय."

"मग काय उंदीर ढकलतात?"

"उंदरांना विचारा. मी आपली खाली वाकते आणि वर होते, एवढंच माझं काम." काकूंनी झाडू आपटला आणि त्या तोंड फिरवून पलीकडच्या कोपऱ्यात गेल्या.

दर महिन्याच्या पहिल्या तारखेला हा तंटा ठरलेला. मोजणी कचेरीत पाच टेबलं होती. चार भिंतीला तोंड करून मांडलेली आणि एक खिडकीसमोर. खिडकीतून डोंगर दिसायचा. मोजणीवालीने कामावर आल्या दिवशीच ते टेबल मागून घेतलं होतं. उजेड बरा पडतो, असं तिने साहेबांना सांगितलं होतं आणि साहेबांनी मान हलवली होती.

डोंगर तसा चमत्कारिकच होता, पण जन्मल्यापासून डोळ्यांसमोर असलेल्या गोष्टीचं कुणाला काय वाटणार? त्याची सावली उन्हाच्याच बाजूला पडायची. त्याचे दगड थंडीत कोमट लागायचे. आणि तो चढता येत नसे. म्हणजे पाऊलवाट होती, छान रुळलेली होती, माणूस चढायलाही लागायचा. घाम यायचा, पोटऱ्या भरून यायच्या, आणि तासाभराने बघावं तर आपण पुन्हा पायथ्याच्या पांढऱ्या दगडाशी! फुकटची दमणूक. शहाण्या माणसांनी तो नाद कधीच सोडला होता.

मोजणीवाली नऊ वर्षांची असताना एकदा आईची नजर चुकवून गेली होती. सकाळपासून आठ वेळा चढली आणि आठही वेळा पांढऱ्या दगडाशी उतरली. घरी आल्यावर आईने आधी पोटाशी धरलं आणि मग पाठीत असे धपाटे घातले की तिने कानाला खडाच लावला. तेव्हापासून कुणी डोंगराचं काढलं की ती म्हणायची, "मला काय करायचंय? तो आहे तिथे आहे."

तो होता तिथे नव्हता, हीच तर पंचाईत होती. अकरा वर्षांपासून डोंगर गावाकडे सरकत होता. वर्षाला एक हात. कचेरीत त्याची वही होती. वहीत तारखेचा एक रकाना, सहीचा एक आणि मधला मोठा रकाना 'डोंगर किती पुढे आला' असा. मोजायचं कसं, तेही ठरलेलं होतं. गावातल्या शेवटच्या घराच्या उंबऱ्यापासून पायथ्याच्या पांढऱ्या दगडापर्यंत साखळी धरायची. एक कडी म्हणजे एक हात, एका हाताची चोवीस बोटं. अंतर चाळीस हातांच्या आत आलं की नियमाप्रमाणे ते घर रिकामं करून पाडायचं.

आज वर्षाची मोजणी होती. गेल्या साली साडेचाळीस हात भरले होते. आणि ते शेवटचं घर मोजणीवालीच्या सख्ख्या मावशीचं होतं.

साखळीकाका दारात येऊन थांबले होते. तीस वर्षं साखळीचं दुसरं टोक धरणारा हा माणूस कधी घाई करत नसे, पण आज त्यांनी दोनदा खाकरून पाहिलं.

"निघायचं ना, बाई?"

"निघायचंच आहे, काका. टाळून कुठे जाणार?"

मावशी खिडकीत बसली होती. ती कायम खिडकीतच बसलेली असायची. खुर्ची, खुर्चीशेजारी स्टूल, स्टुलावर चष्मा आणि थंड झालेला चहा. भाची आत आली तरी तिने मान वळवली नाही.

"बस. बोलू नकोस. वेळ झालीय."

"मावशी, मी कामाला आलेय."

"माझंही कामच चाललंय."

मोजणीवाली मुकाट्याने तिच्या मागे उभी राहिली. तिसरा प्रहर होता. डोंगराच्या कुशीत, जिथे नुसता कातळ होता, तिथे एक काळसर फट पडली आणि दारासारखी उघडली. आतून काहीतरी पांढरं बाहेर आलं, वर गेलं, खाली आलं. कुणीतरी चादर झटकत होतं. चार झटके, मग दार मिटलं आणि पुन्हा कातळ.

हे रोज व्हायचं. गावात सगळ्यांना ठाऊक होतं आणि कुणी वर बघत नसे. मावशीने मात्र या घरात आल्यापासून एक दिवस चुकवला नव्हता.

"पाहिलंस?" आता कुठे मावशीने तोंड वळवलं. तिचे गाल लाल झाले होते. "पहिल्या वर्षी मला वाटायचं, पक्षी आहे. तिसऱ्या वर्षी कळलं की चादर. सहाव्या वर्षी हात दिसले. आणि यंदा काय कळलं, सांगू? ती डावखुरी आहे."

"ती?"

"केस बांधलेले दिसतात मागून. बाईच आहे. अगं, आणखी दोन वर्षं, फार तर तीन, तोंडसुद्धा दिसेल. कोण असेल गं? एवढ्या वर एकटी? आणि रोज रोज कसली चादर झटकते? कोण निजतं तिच्यावर?"

मोजणीवालीने पिशवीतून खुंटी काढली आणि ती उंबऱ्याकडे वळली.

"मावशी, यंदा चाळीसच्या आत येईल."

"येऊ दे की. जवळ येतोय म्हणून तर दिसतंय मला."

"आत आलं की घर पाडतात. तुला माहितेय. आईने खोली झाडून ठेवलीय तुझ्यासाठी. पडदेसुद्धा धुतलेत."

"तुझ्या आईच्या खोलीतून काय दिसतं? समोरच्यांची मोरी." मावशी हसली, पण हसू टिकलं नाही. तिने चष्मा काढला, पदराने पुसला, पुन्हा पुसला. "एक वर्ष लांबव ना गं. तुझ्याच हातात आहे. अर्धा हात इकडचा तिकडे झाला तर कोण बघायला येतंय?"

"काका टोक धरून उभे आहेत तिकडे. आणि मी खोटा आकडा लिहिला तर उद्या कुणी माझ्या कुठल्या आकड्यावर विश्वास ठेवावा?"

"तेही खरंच," मावशी हळूच म्हणाली, आणि त्या दोन शब्दांनीच मोजणीवालीच्या काळजाला घरं पडली. मावशी भांडली असती तर बरं झालं असतं.

साखळी ताणली. पांढऱ्या दगडापासून काकांनी हात वर केला. एकोणचाळीस कड्या आणि वर अर्धी. मोजणीवालीने खुंटी सरळ केली, पुन्हा ताणायला लावली. पुन्हा साडेएकोणचाळीसच. तिसऱ्यांदा ताणायची गरज नव्हती, तरी तिने ताणली.

"बाई," काका साखळी गुंडाळत जवळ आले, "आकडा काही दया करत नाही हो."

"माहितेय, काका."

ती डोळे पुसायला घराच्या मागच्या बाजूला गेली. पुढे मावशीसमोर रडायचं नव्हतं. मागे मावशीच्या घराची पाठभिंत आणि न्हाव्याच्या घराची भिंत यांच्यामध्ये बोळ होता. या भिंतीपासून त्या भिंतीपर्यंत कपडे वाळत घालायची दोरी बांधलेली होती. त्याच दोरीवरच्या एका टॉवेलात तिने तोंड खुपसलं. तोंड बाहेर काढलं तेव्हा टॉवेलाशेजारी दोरीला एक गाठ दिसली. गाठीपुढे दोरीचा रंग वेगळा होता. पुढे आणखी एक गाठ, तिथून काथ्या. मग सुतळी. मग निळी दोरी.

कामाची सवय जात नाही. तिने गाठी मोजल्या. अकरा.

"मावशी! ही दोरी कुणी जोडलीय?"

मावशी मागच्या दारात आली. "मीच. दुसरं कोण येतंय? दर वर्षी आखडते मेली. उन्हापावसाने दोरी आखडतेच. मग एक हाताचा तुकडा घ्यायचा आणि जोडायचा. त्या दोरीवाल्याला मी इतकं सुनावलंय, इतकं सुनावलंय, की हल्ली मला बघून तो दुकान बंद करतो."

"दर वर्षी एक हात?"

"जवळपास. का गं?"

मोजणीवाली बोळाकडे बघत होती. लहानपणी इथून जाताना समोरून कुणी आलं की अंग चोरावं लागायचं, फ्रॉकला चुना लागायचा आणि आई ओरडायची. आता इथे न्हाव्याने दोन खुर्च्या मांडल्या होत्या, भिंतीला आरसा लावला होता, वर ताडपत्री बांधली होती. एका खुर्चीत गिऱ्हाईक साबण लावून बसलं होतं आणि तरीही पलीकडून एक हातगाडी आरामात निघून गेली.

"न्हावीदादा, ही जागा कधीपासून आहे तुमच्याकडे?"

न्हावी दचकला. त्याला वाटलं, मोजणी कचेरी आली म्हणजे जागा जाणार. "नाही हो बाई, मी कुणाचं काही बळकावलं नाही! आधी नुसतं स्टूल ठेवलं होतं. मग खुर्ची मावली, म्हणून खुर्ची ठेवली. मग दुसरी मावली. आता मावते तर ठेवायची नाही का माणसाने?"

"काका," मोजणीवाली म्हणाली. "साखळी उलगडा."

"मोजणी झाली की."

"ही मोजून घेऊ."

बोळाची रुंदी चौदा हात भरली. तिने पिशवीतून गावाचा जुना नकाशा काढला. नकाशात बोळ तीन हातांचा होता. मग दोघांनी घराच्या कडेने साखळी नेली. न्हाव्याच्या भिंतीपासून थेट पांढऱ्या दगडापर्यंत. काका दगडाशी पोचले आणि बराच वेळ खाली बघत राहिले. शेवटी त्यांनी तिथूनच ओरडून सांगितलं.

"साडेसदुसष्ट!"

नकाशातही साडेसदुसष्टच होते. अकरा वर्षांत एक बोटही फरक नाही. मोजणीवाली न्हाव्याच्या रिकाम्या खुर्चीत बसली. समोरच्या आरशात तिला स्वतःचं तोंड दिसलं, आ वासलेलं.

इतकी वर्षं वहीत लिहिलेलं होतं, डोंगर किती पुढे आला. म्हणून दर वर्षी तेवढंच मोजलं गेलं. मागे वळून बघायचं कुणाच्या डोक्यात आलं नाही, साहेबांच्या नाही, काकांच्या नाही, तिच्याही नाही.

"मावशी," ती म्हणाली, "डोंगर येत नाहीये. तुझं घर चाललंय."

मावशी दाराची चौकट धरून उभी राहिली. तिने एकदा दोरीकडे पाहिलं, एकदा न्हाव्याच्या खुर्च्यांकडे. मोजणीवालीला वाटलं, आता ही घाबरणार. हिला धरावं लागणार.

"अगं बाई," मावशी म्हणाली. "मग इतकं हळू का?"

दुसऱ्या दिवशी सकाळी मोजणीवालीने लिहून आणलेला कागद साहेबांनी तीन वेळा वाचला. साहेब म्हणजे मोठा शिस्तीचा माणूस. खिडकीकडे पाठ करून त्यांनी याच खुर्चीत सव्वीस वर्षं काढली होती आणि टेबलावरची दौतसुद्धा कधी जागची हलली नव्हती.

"घर चालतंय," ते म्हणाले.

"हो, साहेब."

"कशामुळे?"

"ते मला नाही सांगता येणार. तिथे आधी चांभार राहायचा. दिवसभर डोंगराकडे पाठ करून चपला शिवायचा. तेव्हाची वही मी काढून बघितली. सगळी शून्यं आहेत. मावशी राहायला आली आणि आकडे सुरू झाले. ती दिवसभर बघत बसते, साहेब. तिला तिकडचं काहीतरी बघायचंय. पायांनी गेलं तर तो येऊ देत नाही. पण जागेवर बसून कुणी मनापासून बघत राहिलं तर…"

"तर ओढून घेतो?"

"वर्षाला एक हात."

साहेबांनी चष्मा कपाळावर चढवला. मग त्यांनी नियमांचं पुस्तक उघडलं आणि सगळी कचेरी कान टवकारून बसली. साहेब पानं उलटत राहिले. बोटाला थुंकी लावून पुढे गेले, मागे आले, पुन्हा पुढे गेले. तासभर गेला. मोजणीवाली उभीच होती.

"नियम असा आहे," शेवटी साहेब म्हणाले, "की डोंगर चाळीस हातांच्या आत आला तर घर पाडावं. बरोबर? आता तुम्ही म्हणता, डोंगर आला नाही."

"एक बोटही नाही. काका साक्षीला आहेत."

"आणि घर डोंगराकडे गेलं तर काय करावं, हे कुठेच लिहिलेलं नाही." हे सांगताना त्यांचा चेहरा असा झाला की जणू नियम करणाऱ्याने त्यांना वैयक्तिक दगा दिला होता. "लिहिलेलंच नाही, तर मी काय पाडू? माझं डोकं?"

त्यांनी वही पुढे ओढली. मधल्या मोठ्या रकान्यात टपोरं शून्य काढलं, खाली सही केली आणि वही बंद केली. मग जरा वेळाने, कुणाकडे न बघता, म्हणाले, "तुमच्या मावशींना म्हणावं, तोंड दिसलं की कळवा. कचेरीच्या माहितीसाठी."

साखळीकाकांनी चक्क टाळी वाजवली. मोजणीवाली हसत हसत आपल्या जागेकडे वळली. कधी एकदा कचेरी सुटते आणि मावशीकडे धावते असं तिला झालं होतं. मावशीला आधी थोडं ताटकळवायचं, तोंड पाडून आत जायचं आणि मग सांगायचं, असं तिने मनाशी ठरवूनही टाकलं.

वहीला जोडायला हिशेबाचा कागद हवा होता. ती टेबलाशी बसली आणि लिहू लागली. घराची चाल, वर्षाला एक हात. एका हाताची बोटं चोवीस. म्हणजे महिन्याला…

तिची लेखणी थांबली.

तिने भागाकार पुन्हा केला. लहान मुलालाही तोंडपाठ असलेला भागाकार, तरी तिने तो कागदावर मांडून केला. चोवीस भागिले बारा. दोन बोटं.

मग ती खाली वाकली. फरशीवर टेबलाच्या पायांचे ओरखडे होते. खिडकीच्या बाजूकडून मागे खडूच्या खुणांपर्यंत, एकावर एक गिरवलेले. चार वर्षांचे. हे सगळे तिने मागे ओढतानाचे होते. पुढे जातानाचा एकही ओरखडा नव्हता. पुढे जाताना टेबलाने कधी आवाजच केला नव्हता. तिने उरलेल्या चार टेबलांखाली नजर टाकली. तिथली फरशी साफ होती.

किती तरी वेळ ती तशीच ओणवी राहिली. कुणी बघितलं असतं तर म्हणालं असतं, बाईचं काहीतरी हरवलंय.

"काय शोधताय?" झाडणाऱ्या काकू समोर उभ्या होत्या, हातात झाडू. "आज तर पहिली तारीख नाही. आज कशाला बोलणी खाऊ मी?"

मोजणीवाली उठली. तिचे कान तापले होते.

"काकू, तुम्ही खरंच कधी हात लावला नव्हता ना याला?"

"आता काय रक्ताने लिहून देऊ?"

"नको. माझंच चुकलं. चार वर्षं तुम्हाला उगाच बोल लावले. माफ करा मला."

काकू गोंधळल्या. भांडणाची तयारी करून आलेल्या माणसाची माफीने फजिती होते. त्यांनी उगाच टेबलाची कड झाडून घेतली. "असू दे हो. मग कोण ढकलत होतं?"

मोजणीवालीने खिडकीबाहेर पाहिलं. एवढ्या लांबून डोंगर निळसर दिसत होता. दार उघडायला अजून वेळ होता आणि उघडलं तरी इथून एक पांढरा ठिपका, बस. पक्षीच वाटावा असा.

"दरवेळी मागे मीच ओढायचे," ती म्हणाली.

काकूंना काही कळलं नाही. त्यांनी झाडू मारायला सुरुवात केली, टेबलाशी आल्यावर थांबल्या आणि जपून कडेने वळसा घेतला.

"काकू, फरशी पुसायला घ्याल तेव्हा एक कराल?"

"काय?"

"त्या खडूच्या खुणा पुसून टाका."